‘कधीतरी या’ म्हणणारं गाव

खूप जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की तेव्हा गाढवंही बोलत असत. फक्त त्यांना कोणी काही विचारत नसे.

एका टेकडीच्या पायथ्याशी एक गाव होतं. गाव मोठं गोड. तिथे कोणी कोणाला ‘नाही’ म्हणत नसे. वाटेत कोणी भेटलं की ‘या की एकदा जेवायला’ म्हणायचं आणि समोरच्याने ‘येतो की, नक्की येतो’ म्हणायचं, अशी तिथली रीतच होती. दिवस ठरवणं मात्र उद्धटपणाचं मानत. त्यामुळे कोणी कोणाकडे जेवायला जात नसे आणि सगळे खुशीत असत.

या सगळ्यांत गोडबोल्या होता तिथला कुंभार. कुणाला चूल लिंपून द्यायची, कुणाच्या नातवाला मातीचा बैल करून द्यायचा, सगळ्याला त्याचं ‘हो’ तयार. दिवसभरात दहा जणांना सुखावून तो घरी येई आणि सगळं विसरून घोरत पडे. माणूस वाईट नव्हता हो. लोकांचे चेहरे फुललेले त्याला आवडत, एवढंच.

एके वर्षी गावात एक विचित्र दुखणं आलं. माणसं विरायला लागली. जुनं धोतर विरतं ना, तशी. आधी बोटं, मग तळवा, मग मनगट, आरपार दिसायचं. दुखायचं नाही, पण हातात धरलेला तांब्या निसटून खाली पडायचा. लोकांनी त्याला ‘विरळी’ असं नाव दिलं. वैद्याने लेप दिले, तर लेपही जमिनीवर पडले. मुलांना विरळी जास्त झाली, कारण गावभर हुंदडायची ती मुलंच.

एका सकाळी कुंभाराची आठ वर्षांची लेक चाकापाशी बसली, तर माती तिच्या हातांतून निघून गेली.

“आबा, मला माती लागतच न्हाई,” ती म्हणाली.

कुंभार धावत तिच्यापाशी आला. त्याने तिचा हात धरायला पाहिलं, तर त्याची मूठ रिकामीच मिटली. हिचे हातच गेले, तर पुढे ही जगणार कशी? लेकीला गाढवावर बसवून तो तडक शेजारगावच्या वैद्याकडे निघाला.

पण गाढव सारखं अडायचं. आधी लोहाराच्या दारात अडलं, मग पारापाशी. अडायचं आणि वळसा घालून पुढे जायचं. ही त्याची जुनीच खोड होती, पण आज कुंभाराला धीर नव्हता. तो काठी उगारून ओरडला, “आरं, मोकळ्या रस्त्यात अडायला काय झालं तुला?”

“मोकळा कुठाय, धनी?” गाढव म्हणालं. “चीर हाय की हितं. तुमीच पाडलेली.”

कुंभाराची काठी तशीच वर राहिली.

“माणूस ‘येतो’ म्हनला, की त्याच्या येण्यापुरती जागा जगात मोकळी हुती,” गाढव सांगू लागलं. “त्यो आलाच न्हाई, तर जग तिथं फाटलेलंच ऱ्हातं. त्या चिरेतनं जो जाईल, त्याचं थोडं थोडं आत गळतं. आमाला दिसतं, म्हनून आमी वळसा घालतो.”

“मग इतकी वर्सं बोलला का न्हाईस?”

“इचारलं कुनी? आन् पयली चीर तर माझ्याच गोठ्यात हाय. पाठीला मऊ गोणपाट देतो म्हनला हुता तुमी. चार पावसाळे झाले.”

कुंभार शरमला. त्याने तिथल्या तिथे खांद्यावरची घोंगडी काढून गाढवाच्या पाठीवर नीट अंथरली. तेवढ्यात लेक ओरडली, “आबा, अंगठा!” तिचा अंगठा परत आला होता.

वैद्य राहिला बाजूला. कुंभार घरी पळाला आणि बायकोला म्हणाला, “मी कुनाला काय काय म्हनलोय, तुला आठवतंय का गं?”

“बसा,” कुंभारीण म्हणाली. “सांगता सांगता दुपार हुईल.”

तिला सगळं पाठ होतं. कुंभाराने चुली लिंपल्या, बैल केले. लोहाराकडे जेवायला गेला तेव्हा लोहार भांबावलाच. “खरंच आलास?” म्हणत त्याने घाईघाईने भाकऱ्या टाकायला लावल्या. झुणका तिखटजाळ झाला होता, पण दोघे हसत हसत जेवले आणि लोहाराच्या नातवाची बोटं ताटाभोवती दिसायला लागली. मग काय, लोहार सुताराकडे गेला, सुतार तेल्याकडे. महिनाभर त्या गावात कोणी स्वतःच्या घरी जेवलं नाही.

आता लेकीची फक्त करंगळी परत यायची राहिली होती. गाढव कुंभाराला गावाच्या टोकाला घेऊन गेलं आणि एका बंद दारापुढे थांबलं. तिथे एक म्हातारी एकटी राहायची. ‘निवांत बोलत बसायला येतो गं आजी,’ असं कुंभार तिला येता-जाता म्हणायचा. ती गेल्या सुगीत वारली होती.

“आता कुनाशी बोलू?” कुंभाराने विचारलं.

गाढवाने ते बंद दार हुंगलं. मग म्हणालं, “ही आता मिटत न्हाई, धनी.”

कुंभार तिच्या पायरीवर बसून पोटभर रडला. मग माती कालवून त्याने त्या चिरेभोवती कट्टा बांधला, म्हणजे पोरंबाळं तिच्यातून जायला नकोत.

लेक मोठी झाली, बापाहून चांगली कुंभारीण झाली. करंगळी मात्र तशीच आरपार राहिली. कोणी मडकं मागितलं, की ती आधी त्या करंगळीकडे बघायची. मग म्हणायची, “मंगळवारी न्या,” नाहीतर सरळ म्हणायची, “न्हाई जमायचं.” त्याचा कोणाला राग येत नसे, आणि मंगळवारी मडकं तयार असे.

म्हणून लहानथोरांनो, एवढंच ध्यानात ठेवा: पाळायचं नसेल तर गोड ‘हो’पेक्षा सरळ ‘नाही’ म्हणावं, आणि ‘येतो’ म्हटलंच, तर माणूस आहे तोवर जावं.