चितारी आणि आमराई

फार मागे एका राजाने गुणाजी चिताऱ्याला आपली नगरी महालाच्या भिंतीवर रंगवायला सांगितलं. देवळं झाली, तटबंदी झाली. कुंभारआळी आली तेव्हा भट्ट्यांचा धूर रंगवला तर चित्र काळवंडेल म्हणून गुणाजीने तिथे आमराई काढायला घेतली.

खारीच्या केसांचा कुंचला अडखळला. "तिथे माणसं राहतात," तो हिरव्या रंगाला म्हणाला. "तू ज्या वाटीत बसलायस, तीसुद्धा त्यांनीच घडवलीय."

"चित्रात नसली म्हणून काय मरतात होय? मुकाट चाल," हिरवा रंग म्हणाला.

कुंचला मुकाट चालला.

पुढे, राजाच्या नातवाच्या काळात, महापुराने नगरी धुऊन नेली. टेकडीवरचा महाल तेवढा वाचला. नातू म्हणाला, "भिंतीवर आहे तश्शीच नगरी पुन्हा बांधा."

कुंभार आपली जागा मागायला आले, तेव्हा कारभाऱ्याने त्यांना चित्रापुढे उभं केलं. "दाखवा, कुठाय तुमची आळी?"

म्हाताऱ्या सगुणेने आमराईवर बोट ठेवलं. "इथं माझी भट्टी होती, बाबा."

"इथे पूर्वीपासून आंबेच आहेत, आजी."

शेजारच्या कोनाड्यात तो जुना कुंचला पडला होता. त्याच्या केसांत वाळलेला हिरवा रंग अजून तसाच होता.