दोराचं दुसरं टोक

डोंगरांना नावं पडली नव्हती, तेव्हाची ही गोष्ट. एका माळावरच्या गावात एक म्हातारा अंबाडीचे दोर वळायचा. एक टोक त्याच्या हातात असे, दुसरं म्हातारीच्या.

म्हातारी गेली. त्याने दुसरं टोक खुंटाला बांधलं. पण पीळ भरला की दोर आखडतो, आणि खुंट काही जागचा हलत नाही. धागे आतल्या आत तुटायचे. असा एक दोर विहिरीत घागरीसकट गेला. शेजारची कुंभारीण तोंडाची फटकळ. ती म्हणाली, "बाबा, दोर वळलात की शेवया?"

म्हाताऱ्याने अंबाडी आढ्याला टांगली. देवळाची वाटही सोडली. आपलं आता काय काम उरलं, असं त्याला वाटे.

उन्हाळ्यात पाणी तळाला गेलं. गावाचा जुना दोर तिथवर पोहोचेना. लांब दोर मिळाला नाही तर गाव उठवायचं, असं पंचांनी ठरवलं. बायका गाठोडी बांधू लागल्या. ते पाहून म्हातारा उठला. म्हातारी लावायची तशी त्याने अंबाडीला हळद लावली, देवाचं नाव घेतलं आणि कुंभारणीच्या दारात उभा राहिला.

"पोरी, टोक धर."

आपले हात चिखलाचे, हे काम जमायचं नाही, असं म्हणत ती आली. खुंटासारखी ताठ उभी राहिली. पहिला पेड तुटला. दुसराही तुटला.

"दोर आखडला की पाऊलभर पुढे ये," म्हातारा म्हणाला.

"पण कळायचं कसं?"

"डोळे मीट. हाताला कळतं. भरवसा ठेव."

तिने डोळे मिटले. तिसरा पेड टिकला.

नऊ दिवस दोघं वळत राहिली. त्याचे तळवे सोलले, तिच्या टाचा भेगाळल्या. थांबलं कुणी नाही.

दहाव्या दिवशी घागर विहिरीत सोडली. दोर सरत गेला, सरत गेला, आणि खालून बुडबुड ऐकू आली. वर आलेल्या पाण्याची पहिली ओंजळ कुंभारणीने म्हाताऱ्यापुढे धरली.

"शेवया बऱ्या झाल्यात, बाबा."

गाठोडी सुटली. म्हाताऱ्याने खुंट उपटून चुलीत घातला. पुढे तो रोज देवळात जाऊन येई, आणि ती टोक धरायला हजर असे.

बोध असा, की देवावर भरवसा ठेवून काम हाती घ्यावं आणि दुसरं टोक माणसाच्या हाती द्यावं. असं जगणं तुटत नाही.