सादखड्यातला आवाज

धुक्याच्या डोंगरापलीकडे, माणसाची वाट जिथे संपते तिथे एक रान होते, आणि त्या रानात एक हरिणी आपल्या पाडसाबरोबर राहत असे. पाण्याची जागा साऱ्या रानात एकच, धबधब्याखालचा डोह. पाणी गोड, पण धबधब्याचा आवाज इतका मोठा, की लांबची हाक तिथे कोणाला ऐकूच येत नसे. आणि नेमका त्याच डोहाकाठच्या गवतात बिबट्या दबा धरून बसायचा. तुम्ही म्हणाल, मग ते बिचारे प्राणी पाणी प्यायचे तरी कसे? मुलांनो, त्यांच्याकडे सादखडा होता.

डोहाकडे उतरणाऱ्या वाटेच्या वळणावर, कातळात रुतलेला, निळसर रेघांचा तो खडा दिसायला अगदी साधा होता. पण त्याला तोंड लावून जे बोलावे ते त्याच्या पोटात राही, आणि त्याच्यावर ऊन ऊन फुंकर घातली की तेच शब्द, त्याच आवाजात, धबधब्याच्याही वर चढून साऱ्या दरीला ऐकू येत. मात्र त्याच्या पोटात एका वेळी एकच बोलणे मावे. नवे आले की जुने कायमचे पुसले जाई. उंच झाडावरचा म्हातारा वानर बिबट्यावर नजर ठेवी आणि खाली येऊन खड्याला बातमी सांगून जाई. सांगण्याआधी तो मोठ्या ऐटीत घसा खाकरे, आणि खडा ते खाकरणेही इमानाने ऐकवी. पाण्याला निघालेला प्रत्येक जण आधी फुंकर घाली, नीट ऐके आणि मगच पुढे पाऊल टाकी.

एका दुपारी आई चरण्यात गुंगली असताना पाडसाला खोडी सुचली. खड्याला तोंड लावून ते म्हणाले, "आई, ओळख पाहू मी कुठं आहे!" आणि जवळच्या दगडाआड जाऊन लपले. त्या दगडाआड साप होता. दिवस मावळायच्या आत पाडस गेले.

दुसऱ्या दिवशी हरिणी सवयीने वळणावर थांबली. तिने फुंकर घातली, आणि तिच्या लेकराचा आवाज दरीभर घुमला. तिचे पाय तिथेच खिळले. इतक्यात वानर बातमी घेऊन आला, तशी ती खड्यासमोर आडवी उभी राहिली.

"आज नको, दादा," ती म्हणाली. "आजचा दिवस राहू द्या. तेवढंच उरलंय माझं."

"राहू दे, बाई," एवढेच म्हणून वानर मागे फिरला.

आजचा दिवस संपला, उद्याचाही संपला. हरिणी तिथून हलेना. ती फुंकर घाली, ऐके, पुन्हा फुंकर घाली. तिला उठवायला कोणाची जीभ रेटेना. सगळे गप्प बसले, आणि त्या गप्प बसण्यालाच सगळे दया समजत होते. वानर वाटेत भेटेल त्याला बिबट्याची खबर देत धावे, पण एकटा म्हातारा कुठे कुठे पुरणार? एके सकाळी सशिणीचे थोरले पिल्लू कोणालाच न भेटता डोहावर गेले. ते परत आले नाही.

सशीण वळणावर आली. हरिणीला वाटले, आता ही मला शिव्याशाप देणार. पण सशीण नुसती तिच्याजवळ येऊन बसली.

"ताई, एकदा फुंकर घाला ना," ती म्हणाली. हरिणीने घातली. सशिणीने डोळे मिटून ऐकले. "किती गोड आवाज होता तुमच्या बाळाचा! माझ्या बाळाचा तर आवाजही राहिला नाही."

हरिणीच्या काळजात चर्र झाले. इतके दिवस तिला वाटत होते, की साऱ्या रानात दुःख आपल्या एकटीच्याच वाट्याला आले आहे.

तोच झाडाच्या शेंड्यावर वानर जोरजोरात हातवारे करताना दिसला. त्याचे ओरडणे धबधब्यात बुडून जात होते, पण बोट डोहाकडे होते. तिथले गवत हलत होते. आणि पलीकडच्या उतारावरून सशिणीचे धाकटे पिल्लू आईला शोधत, उड्या मारत, थेट डोहाकडे चालले होते. सशिणीने जिवाच्या आकांताने हाक मारली. ती हाक पिल्लापर्यंत पोहोचलीच नाही.

हरिणीने खड्याकडे पाहिले. तो आवाज एकदा, शेवटचा एकदाच ऐकावा, असे तिला फार फार वाटले. पण तेवढा वेळ नव्हता.

तिने खड्याला तोंड लावले. "मागं फिर, बाळा! गवतात बिबट्या आहे!" आणि उरात होता तेवढा श्वास गोळा करून तिने फुंकर घातली.

दरी दणाणली. पिल्लू थबकले, गर्रकन वळले आणि उतार चढून दिसेनासे झाले. बिबट्याने झेप घेतली ती रिकाम्या जागेवर. सशीण पिल्लाच्या दिशेने धावत सुटली आणि वळणावर हरिणी एकटीच उरली. तिने हलकेच आणखी एक फुंकर घातली. खड्यातून आता तिचाच आवाज आला. हरिणी खूप रडली. मग ती बाजूला सरली आणि खाली उतरून आलेल्या वानराला म्हणाली, "या दादा, सांगा तुमची बातमी."

त्या दिवसापासून रानात पुन्हा खाकरण्यासकट बातमी घुमू लागली. पुढे एकदा हरिणी पाणी पिऊन परतत होती. वाटेकडेच्या गवतातून एक बारीक आवाज आला, "मावशी, ओळखा पाहू मी कुठं आहे!" गवताच्या वर दोन लांब कान स्वच्छ दिसत होते. तरी हरिणी त्याला कितीतरी वेळ शोधत राहिली.

तात्पर्य : गेलेल्यांची आठवण जरूर जपावी, पण तिच्यापायी जिवंतांची वाट अडवू नये; आपले दुःख बाजूला ठेवून दुसऱ्याच्या लेकराला वाचवणे, हीच आपल्या लेकराची खरी आठवण.