टिकली मुंगी आणि छुनछुन

एक होती मुंगी. एवढीशी. नाव तिचं टिकली.

आज पोळा. बैलांचा सण. घरोघरी पुरणपोळी. तुळसाकाकूंनी बैलांना पोळी भरवली आणि पुरणाचा एक कण खाली पडला. टिकलीला तो केवढा मोठा गोळा!

टिकलीचा हा पहिला पोळा. पुरण तिने अजून चाखलं नव्हतं. तिने गोळा ढकलला. गोळा निघाला गडगड, गडगड आणि बैलाच्या खुराच्या खड्ड्यात पडला. धप्प!

वर आला काळा ढग. "पाऊस आला तर? गोळा विरघळला तर?"

टिकलीला एक सवय होती. 'तर?' म्हटलं की ती गोल फिरायची. गरगर, गरगर, गरगर. फिरून फिरून दमायची. गोळा आपला तिथेच.

मग ती निघाली तुरुतुरु, तुरुतुरु. भेटला शेणकिडा ढकलूदादा. गोळे ढकलणं हे त्याचं रोजचंच काम.

"ढकलूदादा, ढकलूदादा, माझा गोळा खड्ड्यात पडला. ढकल ना!"

"ढकलला असता गं. पण कोंबडीने मला टिपलं तर? 'टिपणार नाही' म्हणू दे तिला. मग येतो." आणि ढकलूदादा गेला शेणात लपून.

टिकली फिरली गरगर, गरगर, गरगर. मग निघाली तुरुतुरु, तुरुतुरु. कोंबडीताई बसली होती टोपलीखाली.

"कोंबडीताई, कोंबडीताई, माझा गोळा खड्ड्यात पडला. ढकलूदादा ढकलेना. तू सांग ना त्याला!"

"सांगितलं असतं गं. पण कुत्रा माझ्यामागे धावला तर? 'धावणार नाही' म्हणू दे त्याला. मग येते." आणि कोंबडीताईने डोळे मिटले.

टिकली फिरली गरगर, गरगर, गरगर. मग निघाली तुरुतुरु, तुरुतुरु. भाल्या कुत्रा बसला होता बैलगाडीखाली. शेपूट पायात.

"भाल्यादादा, भाल्यादादा, माझा गोळा खड्ड्यात पडला. ढकलूदादा ढकलेना. कोंबडीताई निघेना. तू सांग ना तिला!"

"सांगितलं असतं गं. पण पवळ्या बैलाने मला तुडवलं तर? त्याला थांबू दे. मग येतो."

टिकली फिरली गरगर, गरगर, गरगर. मग निघाली तुरुतुरु, तुरुतुरु.

अंगणात होता कडुलिंब. लिंबाभोवती पळत होता पवळ्या. पवळ्या म्हणजे तरणाताठा बैल. शिंगं रंगवलेली, पाठीवर झूल, गळ्यात नवी कोरी घुंगुरमाळ. त्याचाही पहिलाच पोळा! धाड धाड, छुन छुन. धाड धाड, छुन छुन.

"पवळ्यादादा, पवळ्यादादा, माझा गोळा खड्ड्यात पडला. ढकलूदादा ढकलेना. कोंबडीताई निघेना. भाल्यादादा हलेना. तू थांब ना!"

"थांबलो असतो गं. पण माझ्यामागे छुनछुन लागलंय. त्याने मला पकडलं तर?"

आणि पळाला गोल, गोल, गोल. पळाला की छुन छुन. छुन छुन की आणखी पळाला!

टिकली फिरली गर... आणि थबकली.

पवळ्या गोल. मी पण गोल. अगंबाई, हा तर मोठ्ठी टिकलीच!

टिकलीला हसू आलं. खुदुखुदु, खुदुखुदु. ती लिंबावर चढली. फांदीवरून पडली टुपकन, ती थेट पवळ्याच्या कानात.

"पवळ्यादादा, छुनछुन दिसतं तरी कसं? थांब जरा. दोघं मिळून बघू या."

"पकडलं तर?"

"मी आहे ना कानात. बघू या."

पवळ्या थांबला. 

आणि छुनछुन? तेही थांबलं. एकदम गप्प.

पवळ्याने एक पाऊल टाकलं. छुन. मान हलवली. छुन छुन. त्याने खाली पाहिलं. गळ्यात घुंगरं!

"अरेच्चा, हा तर मीच वाजतोय!"

पवळ्या हसला. छुन छुन छुन छुन! आणि टिकलीला घेऊन खड्ड्याकडे चालू लागला हळू हळू.

पवळ्या थांबला, म्हणून भाल्या निघाला. म्हणाला, "मी धावणार नाही." म्हणून कोंबडीताई निघाली. म्हणाली, "मी टिपणार नाही." म्हणून ढकलूदादा निघाला. तो झाला उलटा. डोकं खाली, पाय वर. मागच्या पायांनी ढकल, ढकल, ढकल...

गडगड, गडगड, गोळा वर! टिकली कानातून उतरली खाली.

तेवढ्यात गुडगुडला ढग. सगळे म्हणाले, "पाऊस आला तर?"

टिकलीचे पाय फिरले. गरगर. एकदाच. मग तिने पाय टेकले.

"बघू या," टिकली म्हणाली.

टप्! एक थेंब पडला भाल्याच्या नाकावर. टप्! एक ढकलूदादाच्या पाठीवर. सगळे पळाले पवळ्याच्या पोटाखाली. छान कोरडं, छान उबदार. आणि मधोमध टिकलीचा गोळा.

टिकलीने पहिला घास घेतला. गोड, गोड, गोड!

गोळा होता एवढासा, गोष्ट होती एवढीशी. गोळा गेला टिकलीच्या पोटात, गोष्ट आली तुमच्या कानात.