इंद्रधनुष्याचा पाय

डोंगरांच्या सात रांगा ओलांडल्या की एक मुलूख लागतो. तिथे पाऊस पडतच नाही. मग पाणी येतं कुठून, असं विचाराल, तर ऐका. वर्षातून एकदा, तीन दिवस, तिथल्या आभाळातून एक इंद्रधनुष्य खाली उतरतं. आपल्याकडचं नुसतं कमान टाकून उभं राहतं, तिथलं चालतं. बगळा चिखलातून चालतो ना, तसं. जपून एक पाय उचलायचा, जपून दुसरा टाकायचा. आणि जिथे त्याचा पाय निवांत टेकला, तिथे झरा फुटतो. पाय जितका वेळ टेकलेला, तितकं पाणी.

त्या मुलखातल्या एका खोऱ्यात एक खवल्या मांजर होतं. मादी होती, म्हणून सगळे तिला खवलीबाई म्हणत. अंगावर कौलांसारखी खवलं, चाल अगदी सावकाश, आणि शेपटीवर चिकटून बसलेलं एवढंसं पिल्लू. खोऱ्यातला झरा जुना झाला होता. आटत आटत तो चिखलावर आला होता. आठ दिवस पुरला तर पुरला. हरणाला, कोल्ह्याला काय, ते दुसऱ्या पाण्यावर गेले असते. पण खवलीबाईच्या चालीने तिथवर पोचायला महिना लागला असता, आणि तोवर पिल्लू काही तगलं नसतं.

आता त्या खोऱ्याची एक रीत होती. इंद्रधनुष्य दिसलं की सगळ्यांनी खिंडीतून बाहेर पडायचं आणि त्याच्यामागे धावायचं. पाय धरायचा आणि ओढत घरी आणायचा. जो सर्वांत पुढे राहील त्याला वर्षभर मान. हरणाला तो मान लागोपाठ तीन वर्षं मिळाला होता. पाय मात्र कुणाला मिळाला नव्हता.

त्या वर्षीही इंद्रधनुष्य उतरलं आणि सगळे सुटले. पुढे हरीण, मागे कोल्हा, त्याच्यामागे धूळ उडवत रानडुक्कर. सगळ्यांच्या मागे खवलीबाई. पुढच्यांना दिसत होतं फक्त इंद्रधनुष्य. हिला मागून दोन्ही दिसत होतं, इंद्रधनुष्यही आणि धावणारेही. सगळे धावले की ते पाय उचलायचं. दम खायला थांबले की तेही थांबायचं. संध्याकाळी सगळे तोंड फिरवून घरी निघाले, तेव्हा त्यांच्या पाठीमागे ते हळूच तीन पावलं पुढे आलं. खवलीबाई तिथेच उभी राहून बघत राहिली.

दुसऱ्या दिवशी ती सगळ्यांना म्हणाली, "अहो, आज धावू नका. ते आपल्याला बुजतंय. आपण थांबलो की ते येतंय, मी पाहिलंय."

कोल्हा हसला. "जिला धावता येत नाही तिला थांबणंच सुचणार! उद्या म्हणाल, झोपून राहा, झरा तोंडात येईल."

"आणि माझा मान?" हरीण म्हणालं. "खोरं बसून राहिलं तर पुढे कोण राहणार?"

"बाई, तुम्ही मुंग्या वेचा," डुक्कर गुरगुरलं. "धावायचं आम्ही बघतो."

आणि गेले की सगळे. दिवसभर धावले. इंद्रधनुष्य पार पलीकडच्या टेकडीआड गेलं. रात्री सगळे लंगडत परत आले.

तिसरा दिवस शेवटचा. पहाटेच खवलीबाई खिंडीकडे निघाली. खिंड इतकी अरुंद, की एका वेळी एकच जनावर जाईल. ती बरोबर मध्ये बसली. पिल्लाला पोटाशी घेतलं आणि अंगाचा गोळा केला. खवल्या मांजराने एकदा गोळा केला, की वाघालासुद्धा तो उघडता येत नाही.

सगळे आले आणि अडले. "अहो बाई, वाट सोडा!"

"सोडणार नाही," गोळ्यातून आवाज आला. "दोन दिवस तुमच्या रीतीने झालं. आजचा दिवस माझा."

हरणाने शिंगांनी ढोसलं. गोळा हलला नाही. कोल्ह्याने गोड बोलून पाहिलं, "वहिनी, पिल्लाला गुदमरायला होईल हो!"

"पिल्लाची काळजी मला आहे, भाऊजी. म्हणूनच बसलेय."

मग डुक्कर मागे सरलं आणि धाडकन येऊन आदळलं. दोन खवलं तुटून पडली. आतून कण्हल्याचा आवाज आला, पण गोळा सुटला नाही. डुक्कर पुन्हा आदळलं. पुन्हा. शेवटी त्याचंच थोबाड सुजलं आणि ते बसलं. हरीण बसलं. कोल्हाही बसला. ऊन वर आलं.

तेव्हा पलीकडच्या टेकडीवर रंग दिसले. एक पाऊल. मग बराच वेळ काही नाही. मग आणखी एक पाऊल. हरणाचे पाय शिवशिवले. ते उठायला लागलं.

"खाली बस," खवलीबाई हळूच म्हणाली. "मेलं तरी हलायचं नाही."

हरीण बसलं. रंग जवळ आले, इतके जवळ की डुक्करसुद्धा निळं-जांभळं दिसायला लागलं. इंद्रधनुष्याने पाय उचलला, खिंड ओलांडली आणि खोऱ्याच्या मधोमध टेकला. जमीन थरथरली. दगडांखालून पाणी उसळलं.

"आता प्यायला जाऊ?" डुक्कर कुजबुजलं.

"नाही. अजून टेकलंय. टेकू दे."

समोर पाणी खळखळत होतं, घसे कोरडे पडले होते. डुकराच्या नाकावर माशी बसली, त्याने नाकही हलवलं नाही. संध्याकाळपर्यंत सगळे तसेच बसून राहिले. उन्हं उतरली तेव्हा इंद्रधनुष्याने आपण होऊन पाय उचलला आणि ते आभाळात गेलं. खाली तळं झालं होतं, या काठावरून तो काठ दिसेना एवढं. तेव्हा कुठे खवलीबाईने अंग सोडलं, आणि पिल्लू पाण्याकडे दुडूदुडू निघालं.

तात्पर्य : काही गोष्टी मागे धावल्याने लांब जातात आणि थांबल्याने जवळ येतात, पण सगळे धावत असताना थांबून राहायला धावण्याहून जास्त बळ लागतं.