टिटवीनं जपून ठेवलेलं नाव

जग नवंनवं होतं, तेव्हाची गोष्ट. रोज सकाळी नावानं हाक मारली, तरच कुठलीही गोष्ट त्या दिवसापुरती टिकायची; नाहीतर थोडीथोडी विरत जायची.

माळावरच्या तळ्याचं नाव टिटवीनं ठेवलं होतं, अन् ते तिला एकटीलाच ठाऊक होतं. एवढं गोड नाव रोज घेऊन झिजेल, या भीतीनं तिनं ते घेणंच सोडलं. तळं आटू लागलं.

"टिटवीताई, एकदा तरी हाक मार गं!" बेडूक कळवळला.

"उद्या मारते. उगीच उष्टं नको करायला."

शेवटचं डबकं सुकताना तिनं घाईघाईनं चोच उघडली. नाव आठवेना.

तेव्हापासून टिटवी कोरड्या माळावर ओरडत फिरते. प्रत्येक हाकेनंतर थांबते आणि कुठं पाणी चमकतंय का, ते बघते.