वत्सलाबाईंच्या सतरंज्या

त्या दारूबंदीच्या जिल्ह्यात लग्नाच्या पाहुण्यांना एक वाईट खोड होती. पोलिसांची चाहूल लागली की हातातली बाटली सरळ मंडपवाल्याच्या गुंडाळलेल्या सतरंजीत सारायची. मंडपाचं सामान भाड्यानं देणाऱ्या वत्सलाबाई मोहुर्ल्यांचा टेम्पो त्यापायीच जप्त झाला आणि ऐन लगीनसराईत धंदा बसला.

कोर्टात टेम्पो पकडणारे निरीक्षक सरनाईक ताठ मानेनं म्हणाले, "आपल्या गाडीत काय आहे, हे मालकाला ठाऊक असायलाच हवं. 'मला माहीत नव्हतं' ही सबब चालणार नाही. टेम्पो सरकारजमा करावा."

वत्सलाबाई विचारात पडल्या. टेम्पो बघायला त्या सरनाईकांच्या कार्यालयाच्या आवारात जाऊन आल्या होत्या. तिथं आडोशाला कोणीतरी दारू प्यायला बसत असावं, असा वास येत होता. पण कोण, हे त्यांना ठाऊक नव्हतं. उगाच कुणाचं नाव कसं घ्यायचं?

"साहेब, टेम्पो इथं मागवून सतरंज्या उलगडायला लावा," एवढंच त्या म्हणाल्या.

टेम्पो आला. वरचीच सतरंजी उलगडली, तशा दोन बाटल्या घरंगळत सरनाईकांच्या बुटांशी येऊन थांबल्या. जप्तीतल्या बाटल्या तर सीलबंद होऊन केव्हाच कोर्टात जमा झाल्या होत्या.

"गाडी तुमच्याच ताब्यात होती ना?" न्यायाधीशांनी विचारलं.

सरनाईकांनी बाटल्यांपासून पाय मागे घेतला. "साहेब, आवारात दिवसभर माणसांची ये-जा असते. कोण काय लपवून जातं, आम्हाला कसं कळणार?"

न्यायाधीश वत्सलाबाईंकडे वळले. "तुम्हाला काही सांगायचंय?"

"नाही, साहेब," त्यांनी हात जोडले. "माझं सगळं म्हणणं यांनीच सांगितलं."